‘सहाय्यक’ या संज्ञेचा प्रश्न : ललिता पवार यांच्या भूमिकांचे वाचन

कलाकृतीतील ‘मुख्य’ आणि ‘दुय्यम’ हा भेद इतका अंगवळणी पडलेला आहे की, तो वर्णनपर आहे की मूल्यात्मक आहे, हा प्रश्न सहसा उपस्थित केला जात नाही. कादंबरीच्या समीक्षेत दुय्यम पात्रांसाठी एक परिच्छेद राखून ठेवलेला असतो. नाट्यसमीक्षेत ‘इतरांची साथ चांगली’ असे एक वाक्य असते. चित्रपटविषयक लेखनात तर ‘सहाय्यक’ हे विशेषण जणू एखाद्या सरकारी पदनामासारखे वापरले जाते. कोणी कोणाला साहाय्य करावयाचे, कशासाठी करावयाचे आणि त्या साहाय्याची किंमत कथानकात कोण मोजते, हे तिन्ही प्रश्न या विशेषणामागे दडून राहतात. हिंदी-मराठी चित्रपटसृष्टीत सुमारे सात दशके वावरलेल्या ललिता पवार (१९१६–१९९८) यांच्या भूमिकांच्या निमित्ताने हे प्रश्न विचारता येतात. साहित्यसमीक्षेलाही त्यांचा उपयोग आहे, कारण या भूमिकांची मुळे चित्रपटापेक्षा जुनी, ओवी-भोंडल्याइतकी आणि भारुडाइतकी जुनी आहेत.

प्रथम संज्ञेविषयी. हॉलिवुडच्या अकादमीने सहाय्यक अभिनेता व अभिनेत्री यांच्यासाठी स्वतंत्र पारितोषिके १९३६ च्या चित्रपटांपासून सुरू केली. आरंभीची काही वर्षे या विजेत्यांना मुख्य कलावंतांप्रमाणे पूर्ण पुतळा दिला जात नसे. त्यांना एक फलक मिळत असे. पूर्ण पुतळा मिळू लागला तो १९४३ च्या चित्रपटांपासून. ‘गॉन विथ द विंड’ (१९३९) मधील दाईच्या भूमिकेसाठी हॅटी मॅकडॅनिएल या कृष्णवर्णी अभिनेत्रीला १९४० मध्ये हा सन्मान मिळाला, तेव्हा तिलाही फलकच मिळाला. आणि त्या समारंभात तिचे टेबल तिच्या सहकलावंतांपासून वेगळे मांडलेले होते. दुय्यमपणाची श्रेणी अशी वस्तूच्या आकारात आणि बसण्याच्या जागेतही उतरते. मॅकडॅनिएलच्या त्या पात्राला संपूर्ण चित्रपटात स्वतःचे नाव नाही. ‘मॅमी’ हे तिच्या कामाचे नाव आहे. आपल्याकडील ‘सासूबाई’, ‘बुवाजी’, ‘गंगामाई’ या संबोधनांशी त्याचे नाते जोडून पाहण्यासारखे आहे.

आपल्याकडे फिल्मफेअर पारितोषिकांत सहाय्यक अभिनेत्रीचा विभाग १९५५ पासून आला. त्या वर्षीचा मान ‘बादबान’साठी उषा किरण यांना मिळाला आणि १९६० मध्ये ‘अनाडी’साठी तो ललिता पवार यांना मिळाला. बोलभाषेत मात्र या विभागासाठी दुसराच शब्द रूढ आहे : ‘चरित्र अभिनेत्री’. इंग्रजी संज्ञेवरून हिंदीमार्गे आलेल्या या शब्दाने मराठीत एक गमतीदार अर्थपालट घडवून आणला आहे. मराठीत ‘चरित्र’ म्हणजे जीवनकथा. ज्या पात्राला संहितेत जन्म नाही, बालपण नाही, प्रेम नाही आणि बहुधा भविष्यही नाही, ते रंगविणारी अभिनेत्री ती चरित्र अभिनेत्री! सासू पडद्यावर येते ती सासू म्हणूनच. तीही कधी सून होती ही गोष्ट कथानकाला ठाऊक असते, परंतु ते ती सांगत नाही.

दुय्यम पात्रांचा विचार करताना मराठी समीक्षा गेली अनेक दशके ई. एम. फॉर्स्टर यांच्या १९२७ च्या व्याख्यानांतील सपाट आणि गोल पात्रांच्या भेदाचा आधार घेत आली आहे. या भेदाची अडचण अशी की, सपाटपणा हा पात्राचा गुणधर्म मानला जातो. प्रत्यक्षात तो वाटपाचा परिणाम असतो. संहितेत अवकाश मर्यादित असतो, तो कोणाला किती द्यावयाचा याचा निर्णय कोठेतरी झालेला असतो आणि त्या निर्णयाची खूण म्हणून काही पात्रे सपाट दिसतात. अलेक्स वोलोक यांनी २००३ मधील आपल्या ग्रंथात कादंबरीच्या संदर्भात हा विचार विस्ताराने मांडला. परंतु त्याची बीजे आपल्या परंपरेतही आहेत. स्थायी भाव राजाप्रमाणे आणि इतर भाव त्याच्या परिवाराप्रमाणे, अशी उपमा भरताने नाट्यशास्त्रात दिली आहे. परिवारावाचून राजाचे राजेपण सिद्ध होत नाही, हे त्या उपमेत गृहीतच आहे. परंतु उपमा दरबाराची असल्यामुळे परिवाराचे दुःख तीत येत नाही. आलंबन आणि उद्दीपन या विभावांच्या भेदाविषयीही असेच म्हणता येईल. नायिका हे आलंबन. सासू हे फार तर करुणाचे उद्दीपन, म्हणजे चंद्रोदय, उपवन, मलयानिल यांच्या पंक्तीला बसणारे. एक जिवंत स्त्री ऋतुवर्णनाच्या कोटीत जाऊन बसते, ही रससिद्धान्ताच्या उपयोजनातील अडचण आजवर पुरेशी चर्चिली गेलेली नाही.

ललिता पवार यांचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी येवले येथे झाला. त्यांचे मूळ नाव अंबा. पैठणीसाठी प्रसिद्ध असलेले हे गाव औरंगाबादेपासून, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरापासून दूर नाही. १९३५ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी धर्मांतराची घोषणा केली ती याच येवल्यात. या दोन गोष्टींचा परस्परसंबंध नाही; तरीही पुढे ‘सुजाता’चा विचार करताना हा योगायोग आठवल्यावाचून राहत नाही. बालवयात मूकपटांतून आलेल्या या मुलीने तिशीच्या दशकात नायिकेची कामे केली. ‘कैलास’ (१९३२) या मूकपटात त्यांनी नायिका, खलनायिका आणि माता अशी तिहेरी भूमिका केल्याची नोंद चित्रपटेतिहासात आढळते. ‘हिम्मत-ए-मर्दा’ (१९३५) सारख्या बोलपटात त्या नायिका होत्या आणि टॉलस्टॉयच्या ‘पुनरुत्थान’ या कादंबरीवर आधारलेल्या ‘दुनिया क्या है’ (१९३७) च्या निर्मितीतही त्यांचा सहभाग होता. भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ (१९३९) आणि वि. स. खांडेकरांच्या कथेवरील मास्टर विनायकांचा ‘अमृत’ (१९४१) हे त्यांच्या मराठी कारकिर्दीतील महत्त्वाचे टप्पे होत.

यानंतर येतो १९४२ मधील तो अपघात. त्यांच्याविषयीचे बहुतेक लेखन त्याच्याभोवतीच फिरते. ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या चित्रणात सहकलावंत भगवान यांनी प्रसंगानुसार मारलेली थप्पड जोरात लागली, चेहऱ्याच्या एका बाजूस अर्धांगाचा झटका आला आणि दीर्घ उपचारांनंतरही डाव्या डोळ्यात कायमचे व्यंग राहिले. त्यामुळे नायिकेची कारकीर्द संपली आणि खाष्ट सासूची सुरू झाली, अशी ही कथा आहे. कथा म्हणून ती अत्यंत सुबक आहे, आणि तिच्याकडे संशयाने पाहण्याचे पहिले कारण तिचा हा सुबकपणाच आहे. एका थपडेने एक अभिनेत्री संपते आणि दुसरी जन्मते, ही रचना लोककथेतील शापाची आहे. तिच्यात अभिनेत्रीकडे कर्तृत्व राहत नाही. जे काही घडले ते तिच्या बाबतीत घडले, तिने केले नाही.

कालक्रमही या कथेला पुरतेपणी साथ देत नाही. उपचार तीन वर्षे चालले असे सर्वत्र सांगितले जाते. परंतु प्रभातचा ‘रामशास्त्री’ १९४४ मध्ये प्रदर्शित झाला आणि त्यात आनंदीबाईच्या भूमिकेत ललिता पवार होत्या. तेव्हा ‘अज्ञातवास आणि पुनरागमन’ ही कल्पना थोडी शिथिल करावी लागते. शिवाय त्यांच्याबरोबरच्या अनेक नायिका कोणत्याही अपघातावाचून त्याच वळणावर आलेल्या आहेत. तिशी ओलांडल्यावर लीला चिटणीस ‘शहीद’ (१९४८) आणि ‘आवारा’ (१९५१) मध्ये आई झाल्या. दुर्गा खोटे यांचा प्रवासही ‘अयोध्येचा राजा’तील तारामतीपासून आई-आजींच्या भूमिकांपर्यंत झाला. नायिकेला वय झाले की आई किंवा सासू व्हावे लागते, हा त्या व्यवसायाचा अलिखित दंडक होता. थपडेची कथा या दंडकाला झाकते. व्यवस्थेचे काम एका व्यक्तीच्या चुकीवर आणि एका शरीराच्या दुर्दैवावर सोपविले की व्यवस्थेविषयी बोलण्याची गरज उरत नाही. अपघात घडला नाही किंवा त्याने काही बदलले नाही, असे यात म्हणावयाचे नाही. व्यंगाने आई आणि सासू या दोन वाटांपैकी दुसरी वाट निश्चित केली, एवढे मान्य करावे लागते. परंतु वाट निश्चित होणे आणि त्या वाटेवर चालण्याची रीत घडविणे या भिन्न गोष्टी आहेत, आणि समीक्षेचा विषय दुसरी गोष्ट हा आहे.

‘रामशास्त्री’तील आनंदीबाई या दृष्टीने आरंभबिंदू मानता येईल. नारायणराव पेशव्यांच्या १७७३ मधील हत्येशी जोडलेली ‘ध’ चा ‘मा’ केल्याची आख्यायिका इतिहाससंशोधनात वादग्रस्त असली, तरी मराठी कल्पनाविश्वात ती पक्की रुजलेली आहे. कृ. प्र. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’ने (१९०९) तिला रंगभूमीवर स्थैर्य दिले. या आख्यायिकेत स्त्रीच्या वाट्याला आलेली कृती किती लहान आहे, हे पाहण्यासारखे आहे : एका शब्दातील एक अक्षर. कट पुरुषांचा, शस्त्रे गारद्यांची, लाभ राघोबादादांचा. आणि दोष अक्षराचा. दुय्यम पात्राच्या कथनातील स्थानाचे याहून नेमके उदाहरण सापडणे कठीण आहे. कथानकात त्याला जागा अक्षराएवढी मिळते आणि जबाबदारी मात्र संपूर्ण मजकुराची.

हाच हिशेब पुढे ‘सासू’ या पात्रात दिसतो. व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’ (१९५०) मध्ये हुंड्यासाठी सुनेचा छळ करणारी सासू ललिता पवार यांनी उभी केली आणि हे पात्र त्यांच्या नावाशी कायमचे जोडले गेले. हुंडा ही मालमत्तेच्या देवघेवीची, म्हणजे पुरुषसत्ताक कुटुंबाच्या अर्थव्यवहाराची बाब आहे. तिला प्रतिबंध करणारा कायदा १९६१ मध्ये झाला तोही देणारा आणि घेणारा या दोघांना उद्देशून. चित्रपटात मात्र ती मुख्यतः एका स्त्रीच्या हावरेपणाची बाब होते. प्रेक्षकांतील सुना रडतात, सासवा ओशाळतात आणि पुरुष दोघींकडे पाहतात.

परंतु सासूचा हा साचा चित्रपटाने निर्माण केलेला नाही. भोंडल्याच्या गाण्यांत माहेरी जाऊ इच्छिणारी सून आणि प्रत्येक वेळी नवी अट घालणारी सासू यांची जोडी सर्वांच्या परिचयाची आहे. कारल्याचे बी पेरण्यापासून त्याची भाजी होईपर्यंत अटी वाढत जातात आणि गाणेही वाढत जाते. येथे सासूचे कथनमीमांसेच्या दृष्टीने असलेले कार्य उघड होते. ती लांबणीवर टाकते. तिने पहिल्याच कडव्यात परवानगी दिली, तर गाणे तेथेच संपेल. व्लादिमीर प्रॉप यांनी १९२८ मध्ये रशियन परीकथांच्या अभ्यासातून जी पात्रकार्ये नोंदविली, त्यांत अडथळा आणणाऱ्याचे कार्य आहेच; परंतु भोंडल्यातील सासू अडथळ्याहून काही अधिक आहे. गाण्याचा सारा काळ तिच्या नकारातून निर्माण होतो. पैठणच्या एकनाथांच्या भारुडात सासुरवाशीण भवानीकडे सासू, सासरा आदी एकेकाला दूर करण्याचे मागणे मागते आणि शेवटी एकटेपण मागते, तेव्हा तेथे सासू हे अध्यात्माचे रूपक झालेले असते. रूपकात गेल्यावर तिच्याविषयी सहानुभूती वाटण्याची शक्यताच संपते. विकाराविषयी कोणाला कणव येणार? ललिता पवार यांच्या पाठीशी असा हा कित्येक शतकांचा साचा उभा होता. प्रेक्षक तो घेऊनच चित्रपटगृहात येत असे. अभिनेत्रीने पडद्यावर पाऊल टाकण्यापूर्वीच अर्धे काम झालेले असे. हे तिच्या सोयीचे होते तसेच तिच्या कलेला मारकही होते.

अभिनयाच्या पातळीवर त्यांनी या साच्याचे काय केले, याचे उत्तर आवाजात आणि दृष्टीत शोधावे लागते. त्यांच्या संवादांत वाक्याचा शेवट आरंभापेक्षा अधिक धारदार असतो. शब्द संपताना आवाज खाली न येता वर जातो आणि समोरच्या व्यक्तीला उत्तरासाठी जागा उरत नाही. हिंदी उच्चारांना असलेले मराठी वळण त्यांनी पुष्कळदा लपविले नाही. दृष्टीविषयी थोडे अधिक बोलावयास हवे. लॉरा मल्व्ही यांनी १९७५ मधील प्रसिद्ध निबंधात चित्रपटातील स्त्री ही पाहिली जाण्यासाठी असते आणि पाहणे हा पुरुषाचा अधिकार असतो, असे मांडले. हे विवेचन नायिकेला लागू पडते. सासू, आत्या, घरमालकीण या स्त्रियांना पाहण्यासाठी कोणी येत नाही. त्याच पाहत असतात. दारात उभे राहून, जिन्यावरून, पडद्याआडून सुनेवर नजर ठेवणे हे त्यांचे काम. घरातील पुरुषाचा अंमल पुरुषाच्या अनुपस्थितीत चालविणारी ही नजर आहे. ललिता पवार यांच्या अर्धवट मिटलेल्या डाव्या डोळ्याने या नजरेला एक असम आकार दिला : एक डोळा पहारा करणारा आणि दुसरा जणू हिशेब मांडणारा. त्या मान किंचित वळवून कोणता डोळा कॅमेऱ्याकडे ठेवावयाचा याची निवड करतात, हे त्यांची दृश्ये लागोपाठ पाहिल्यास जाणवते. मायेच्या प्रसंगी चेहरा समोर येतो, संशयाच्या प्रसंगी तिरपा होतो. जे केवळ व्यंग म्हणून सांगितले जाते त्याचे व्याकरण त्यांनी असे तयार केले होते.

येथे एका नैतिक प्रश्नाला बगल देता येत नाही. शरीरातील वैगुण्य हे मनातील वैगुण्याचे चिन्ह मानण्याची प्रथा फार जुनी आहे आणि चित्रपटव्यवसायाने या अभिनेत्रीच्या डोळ्याचा उपयोग त्याच प्रथेनुसार केला. व्यंगाचे रूपांतर कलेत झाले म्हणून त्या प्रथेला मान्यता मिळत नाही. अभिनेत्रीचे कौशल्य आणि तिच्या शरीराचा झालेला वापर या दोहोंविषयी एकाच वेळी बोलणे अवघड आहे. मराठीतील चित्रपटविषयक लेखनाने बहुधा कौशल्याचे कौतुक करून वापराविषयी मौन पाळले आहे.

सहाय्यक पात्र कथानकाचा दोष कसा शोषून घेते, याचे सर्वांत बोलके उदाहरण बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’त (१९५९) सापडते. अस्पृश्य कुळातील अनाथ मुलगी एका सुशिक्षित ब्राह्मण कुटुंबात वाढते. आई चारू (सुलोचना) तिच्यावर माया करते, परंतु तिला ‘मुलगी’ म्हणताना अडखळते. मुलगी आणि मुलीसारखी यांतील अंतर तिला ओलांडता येत नाही. चित्रपटाचा खरा विषय हे अंतर आहे. त्या घरात येणारी जुन्या वळणाची बुवाजी (ललिता पवार) मात्र विटाळाची भाषा उघडपणे बोलते. तिच्या उघडेपणामुळे चारूचे अडखळणे सौम्य, जवळजवळ सद्गुणी वाटू लागते. जातीचा सगळा कडवटपणा एका म्हातारीत गोळा करून ठेवला की उदारमतवादी घर स्वच्छ राहते. मराठीतील दोन थोर अभिनेत्रींमध्ये झालेली ही कामाची वाटणी सूक्ष्मपणे पाहावयास हवी : सुलोचनांचे मार्दव बुवाजीच्या काठिण्यावर उभे आहे. साठोत्तर काळात दलित साहित्याने, ज्याचे ‘अस्मितादर्श’ हे महत्त्वाचे नियतकालिक औरंगाबादेतून निघत असे, जे प्रश्न विचारले ते बुवाजीला उद्देशून नव्हते. बुवाजींना विचारण्यासारखे काही नसतेच. ते प्रश्न चारूला होते. बुवाजी आपल्या जागी ठाम उभी राहिल्यामुळे चित्रपट ते प्रश्न स्वतःला विचारण्यापासून वाचतो. ललिता पवार यांनी ही भूमिका कोणत्याही विनोदी सवलतीवाचून केली आहे. प्रेमळ आजी आणि कट्टर सोवळी स्त्री एकाच देहात सहज नांदू शकतात, हे त्यांच्या वागण्यातील घरगुती सहजपणामुळे पटते, आणि त्यामुळेच ती भयावह वाटते.

गुरुदत्त यांच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ (१९५५) मध्ये हाच व्यवहार उलट दिशेने होतो. हिंदू कोड बिलाच्या प्रश्नावर डॉ. आंबेडकरांनी १९५१ मध्ये मंत्रिपदाचा राजीनामा दिला. त्यातील विवाह व घटस्फोटविषयक तरतुदी १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याच्या रूपाने आल्या. त्याच वर्षीच्या या चित्रपटात घटस्फोटाच्या हक्कासाठी झगडणारी सीतादेवी ही ललिता पवार यांना दिलेली भूमिका आहे. सीतादेवीचे म्हणणे कागदावर वाचले तर त्यातील बराचसा भाग आज कोणालाही अमान्य होणार नाही. परंतु ते म्हणणे ज्या चेहऱ्यातून आणि ज्या आवाजातून येते, तो ‘दहेज’च्या सासूचा आहे. प्रेक्षकाची स्मृती येथे पूर्वसंहितेचे काम करते. युक्तिवाद ऐकण्यापूर्वीच तो कोण करीत आहे हे प्रेक्षकाला कळलेले असते आणि कायद्याच्या बाजूचा मुद्दा ‘खाष्ट’ ठरून जातो. स्त्रीहक्कांची भाषा आणि सासूरवासाची भाषा एकाच कंठात कोंबण्याची ही युक्ती विनोदी चित्रपटाच्या हलक्याफुलक्या बाजामुळे फारशी डोळ्यांवर येत नाही. पात्रयोजना ही विचारसरणीची वाहक कशी असते, याचे उदाहरण म्हणून हा चित्रपट स्त्रीवादी समीक्षेच्या अभ्यासक्रमात यावयास हरकत नाही. (‘प्रोफेसर’मध्येही त्यांच्या पात्राचे नाव सीतादेवीच आहे. रामायणातील मंथरा म्हणून घरोघरी ओळखल्या गेलेल्या अभिनेत्रीच्या वाट्याला हे नाव दोनदा यावे, हा योगायोग.)

या साच्याला छेद देण्याचे श्रेय दोन दिग्दर्शकांना द्यावे लागेल. राज कपूर यांच्या ‘श्री ४२०’ (१९५५) मधील केळी विकणारी गंगामाई मुंबईच्या फुटपाथवरची आहे. परगावाहून आलेल्या नायकाला या शहरात पहिले नाते तिच्याकडून मिळते. फटकळ तोंड आणि आतील माया ही जोड येथे प्रथम ठळकपणे वापरली गेली. तिची परिणती हृषीकेश मुखर्जी यांच्या ‘अनाडी’तील मिसेस डिसा या घरमालकिणीत झाली. थकलेल्या भाड्यासाठी कावणारी आणि त्याच भाडेकरूवर पोटच्या मुलासारखा जीव लावणारी ही ख्रिस्ती बाई म्हणजे सासूच्या साच्याचाच आतून केलेला उलगडा आहे. आवाजाची तीच धार, तीच वर जाणारी वाक्ये. फरक एवढाच की प्रत्येक फटकाऱ्यानंतर एक क्षण थांबणे येते आणि त्या थांबण्यात माया दिसून जाते. पूर्वीच्या भूमिकांची आठवण असलेल्या प्रेक्षकाला ही माया दुप्पट जाणवते, कारण तिची त्याने अपेक्षा केलेली नसते. दुष्टपणाची जमा झालेली पुंजी येथे करुणाच्या खाती वळविलेली आहे.

आणि तरीही कथानक तिला सोडत नाही. मिसेस डिसा भेसळयुक्त औषधाने मरते. ते औषध नायक ज्याच्याकडे नोकरी करतो त्या श्रीमंत उत्पादकाचे असते. तिला विष दिल्याचा आळ नायकावर येतो, त्याच्या सचोटीची परीक्षा होते आणि श्रीमंताच्या सदसद्विवेकालाही वाव मिळतो. मिसेस डिसा मेली नाही तर यांतील काहीच घडत नाही. तिचे मरण हे या पुरुषांच्या नैतिक उन्नतीचे साधन आहे. ‘सहाय्यक’ या शब्दाचा अर्थ येथे शब्दशः उतरलेला दिसतो. चित्रपट तिच्या मृत्यूबद्दल शोक करतो, परंतु हा शोकही नायकाचा आहे. तिचे स्वतःचे कोणी त्या घरात दिसत नाही. एवढे असूनही चित्रपट संपल्यावर स्मरणात राहते ती तीच. पारितोषिकाने या विसंगतीला एक सोयीस्कर नाव दिले, एवढेच.

मुखर्जींनाही ती विसरता आली नसावी. ‘आनंद’ (१९७१) मध्ये ललिता पवार पुन्हा आल्या त्या मेट्रन डिसा म्हणून. बारा वर्षांनी तेच आडनाव, तोच करडेपणा. या वेळी मात्र मरणारा नायक आहे आणि डिसा मागे उरणारी. एका संहितेत वापरून टाकलेले पात्र दुसऱ्या संहितेत असे परत यावे, ही गोष्ट कादंबरीत बाल्झाकच्या वाचकांना परिचित आहे. आपल्या चित्रपटात ती नायकांच्या बाबतीत घडते. सहाय्यक पात्राच्या वाट्याला हे भाग्य क्वचित येते.

‘जंगली’ (१९६१) मधील हसण्यावर बंदी घालणारी खानदानी आई, किंवा ‘सौ दिन सास के’ (१९८०) मधील सासू, यांविषयी फार लिहिण्याजोगे नाही. तेथे अभिनेत्री आपल्याच प्रतिमेची सराईत आवृत्ती काढते. ‘प्रोफेसर’ (१९६२) मात्र थोडा वेगळा काढावा लागतो. भाचवंडांवर करडी शिस्त गाजविणारी प्रौढ सीतादेवी वृद्धाचे सोंग घेऊन आलेल्या शिक्षकाच्या प्रेमात पडते. चित्रपट तिला हास्यास्पद करू पाहतो. लाजणारी खाष्ट बाई हाच त्यातला विनोद आहे. ललिता पवार यांनी ते लाजणे गंभीरपणे घेतले आहे. आरशासमोर स्वतःला पुन्हा एकदा स्त्री म्हणून पाहू धजणाऱ्या त्या बाईला प्रेक्षक हसतो आणि हसता हसता अडखळतो. ज्या पात्रांना चरित्र नाकारलेले होते, त्यांपैकी एकीला येथे क्षणभर इच्छा मिळाली. तीही फसवणुकीच्या पोटी.

रामानंद सागर यांच्या दूरदर्शनवरील ‘रामायण’ने (१९८७–१९८८) या अभिनेत्रीला तिच्या सर्वांत जुन्या भूमिकेपाशी आणून सोडले. मंथरेची भूमिका त्यांनी ‘संपूर्ण रामायण’ (१९६१) मध्येही केली होती. मंथरा ही भारतीय कथनपरंपरेतील सहाय्यक पात्राची मूळ प्रतिमा मानावयास हवी. तिच्यावाचून वनवास नाही, वनवासावाचून रामकथा नाही. आणि अयोध्याकांडातील मोजके सर्ग सोडले तर तिला कोठे जागा नाही. तुलसीदासांनी तिच्या बुद्धीत पालट करण्याचे काम सरस्वतीकडे सोपविले. त्यामुळे तिचा दोष हलका झाला, परंतु कर्तेपणही गेले. थपडेच्या कथेने जे ललिता पवार यांच्या बाबतीत केले, त्याच्याशी याचे साम्य स्पष्ट आहे. वाल्मीकीची मंथरा मात्र स्वतःच्या बुद्धीने बोलते. तिचा युक्तिवाद सवतीच्या मुलाच्या राज्यात राणीचे आणि तिच्या दासीचे काय होईल या भयावर उभा आहे, आणि दासीच्या स्थानावरून पाहिले असता तो खोटा नाही. तिचे म्हणणे पटल्यावर कैकेयी तिच्या कुबडाचीच स्तुती करते; त्या कुबडात शहाणपण साठले आहे असे म्हणून त्याला सोन्याची माळ घालण्याचे आश्वासन देते. वाल्मीकीचा यात उपहास असेलही. परंतु व्यंगाला दोषाचे चिन्ह मानण्याच्या परंपरेत, व्यंग हेच बुद्धीचे स्थान आहे असे म्हणणारा आवाज निदान एकदा उमटला, ही नोंद महत्त्वाची आहे.

सत्तरी ओलांडलेल्या ललिता पवार यांनी ती भूमिका केली तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर आनंदीबाईपासून सीतादेवीपर्यंतच्या सर्व स्त्रिया जमा झालेल्या होत्या, आणि कैकेयीच्या कानाशी वाकताना त्यांचा डावा डोळा कॅमेऱ्याच्या बाजूला असे. वाल्मीकीच्या कथेत पुढे शत्रुघ्न मंथरेला फरफटत ओढतो आणि भरत त्याला थांबवितो. त्यानंतर तिचे काय झाले, हे कवी सांगत नाही.